शेतकऱ्याचा मुलगा, पोपचा वकील

परदरबारचा वकील म्हटला की तो तोंडाने गोड आणि मनाने खोल, अशी आपली समजूत. आर्चबिशप आंजेलो रोंकाल्ली यांनी ती खोटी ठरविली. उत्तर इटलीतील एका गरीब शेतकऱ्याच्या घरी १८८१ साली जन्मलेला हा माणूस १९२५ मध्ये पोपचा प्रतिनिधी म्हणून बल्गेरियात गेला. तेथे ऑर्थोडॉक्सांचे प्राबल्य; कॅथॉलिक मूठभर. नऊ-दहा वर्षे अडगळीतच गेली म्हणा ना!

मग इस्तंबूल. तुर्की सरकारने धर्मगुरूंच्या वेषावर बंदी घातली, तेव्हा कुरकुर न करता त्यांनी साधा कोट-पाटलोण चढविला. महायुद्धात मात्र तेथूनच, हिटलरच्या तावडीतून निसटू पाहणाऱ्या ज्यूंसाठी त्यांनी जिवापाड खटपट केली.

१९४४ च्या अखेरीस पॅरिसला नेमणूक झाली. जर्मनधार्जिण्या व्हिशी राजवटीला साथ दिल्याचा ठपका ठेवून द गॉल यांच्या सरकारला अनेक बिशप घालवावयाचे होते. रोंकाल्ली भांडले नाहीत. पुरावे मागत, हसतमुखाने वेळ काढीत राहिले. अखेर थोडक्यांवरच निभावले.

१९५८ मध्ये ते तेविसावे जॉन या नावाने पोप झाले. १९६२ च्या क्यूबा प्रकरणात जग अणुयुद्धाच्या काठावर उभे असताना त्यांनी केलेले शांततेचे आवाहन मॉस्कोच्या 'प्रावदा'नेही छापले. पदरी फौज नसलेल्या वकिलाचा शब्द तेथवर पोहोचला होता.