तोंडी हुकूम

सकाळी ९.५०
कोर्टात निघणार तेवढ्यात वाइन शॉपच्या मॅनेजरचा फोन. "वकीलसाहेब, हवालदार आलेत. आज शटर उघडू नका म्हणतात." कागद दिलाय का, विचारलं. "नाही. वरून फोन आहे म्हणे."

११.००
शटर अर्ध्यावर, बाहेर गिऱ्हाईक ताटकळलेलं. काउंटरमागे फ्रेममध्ये एफएल-२ परवाना, शेजारी कामगारांचे नोकरनामे. शेरेबुक मागवलं. शेवटचा शेरा गेल्या महिन्यातल्या तपासणीचा, सही-शिक्क्यासह. आजचं पान कोरं. हवालदारांना विनंती केली, जे सांगताय ते इथं दोन ओळींत लिहा. ते लिहीनात. त्यांना मी दोष देत नाही, ते निरोप घेऊन आलेले.

महाराष्ट्र दारूबंदी अधिनियम, १९४९ चं कलम १४२ त्यांना वाचून दाखवलं. सार्वजनिक शांततेसाठी दुकान बंद ठेवायचं तर जिल्हाधिकारी परवानाधारकाला लेखी आदेश देतात, त्यात वेळ किंवा मुदत असते. दंगल किंवा बेकायदा जमाव झाला, अगर होण्याच्या बेतात असला, तर तिथं हजर असलेला कार्यकारी दंडाधिकारी किंवा पोलीस अधिकारी जागेवरच बंद करायला सांगू शकतो. ते रास्तच आहे. दगड पडू लागल्यावर कागदाची वाट कोण बघेल? पण आज रस्त्यावर भाजीच्या गाड्या होत्या. विसर्जन मिरवणूक उद्या.

१२.३०
अर्ज लिहिला: आदेश असल्यास प्रत मिळावी, नसल्यास दुकान सुरू ठेवत आहोत. गोरधनदास भानजी खटल्याचा आधार घेतला. अंधेरीतल्या चित्रपटगृहाच्या परवानगीचा तो वाद. सुप्रीम कोर्टाने १९५१ मध्येच सांगितलं, की कायद्याने अधिकार ज्याला दिला त्यानेच स्वतः विचार करून तो वापरायचा. आणि आदेश वाचायचा तो त्यातल्या शब्दांवरून, अधिकाऱ्याने मागाहून सांगितलेल्या हेतूवरून नव्हे.

३.००
जिल्हाधिकारी कार्यालय. आवक शिक्का घेतला. टेबलावरचे गृहस्थ म्हणाले, "दारूचंच तर दुकान, एक दिवस बंद राहिलं तर काय बिघडलं?" दारूविक्री हा मूलभूत हक्क नाही, हे मलाही मान्य आहे. गावातल्या बायका मतदान करून बाटली आडवी करतात, त्यांच्याबद्दल मला आदरच आहे. पण तिथं मतं मोजली जातात, नोंद होते. तोंडी बंद झालेलं दुकान तोंडीच उघडतं, आणि मधल्या वेळात काय ठरतं ते या धंद्यात सगळ्यांना ठाऊक आहे. २०२४ च्या मतमोजणीला, ४ जूनला, मुंबईत दिवसभर विक्रीबंदी होती. हायकोर्टाने ती निकाल जाहीर होईपर्यंतच ठेवली. आदेश कागदावर होता म्हणून त्याला आव्हान देणं सोपं गेलं.

४.४५
आदेशाची प्रत हातात आली. बंदी उद्याची, पूर्ण दिवस. आजचा उल्लेख नाही.

५.३०
शटर वर गेलं. मॅनेजरला बजावलं, प्रत दर्शनी भागात लाव, शेरेबुकात आजच्या प्रकाराची नोंद कर, आणि उद्या एक बाटलीसुद्धा विकायची नाही, मागच्या दाराने तर नाहीच.