आमच्याकडचा रात्रीचा ट्रक

तुमच्याही घरात असा एखादा मुलगा असेल. जेवणं उरकली, ओटा पुसून झाला, की कॉम्प्युटरसमोर बसणारा. हाक मारली की 'आलो, आलो' म्हणणारा आणि काही केल्या न उठणारा. आमच्याकडे तो माझा भाचा. आयटीआय करायला आमच्या घरी राहतो. त्याचे वडील, म्हणजे माझा दादा, सत्तावीस वर्षं ट्रकवर आहे. बाप खरा ट्रक चालवतो आणि पोरगा पडद्यावरचा, असं म्हणून आम्ही सगळे हसायचो.

हसू मावळलं ते गेल्या फेब्रुवारीत. रात्री अकराच्या सुमारास बाहेरच्या खोलीतून आवाज आला, "आत्या, मी काही नाही केलं गं!" पोरं असं कधी म्हणतात ते तुम्हाला माहीत आहेच. जाऊन बघते तर कॉम्प्युटरवरच्या सगळ्या फाइलींची नावं बदललेली. एकही उघडेना. त्याच कॉम्प्युटरवर आमच्या बचत गटाचा हिशेब होता. बारा बायकांची बचत, कोणी किती कर्ज घेतलं, कोणाचा कितवा हप्ता आला, सगळं. आणि परवा गटाची बैठक!

दुरुस्तीवाल्या मुलाने दुसऱ्या दिवशी सरळ सांगितलं, "काकू, सगळं पुसून नव्याने टाकावं लागेल." तीन महिन्यांपूर्वीपर्यंतचा हिशेब वहीत होता. पुढचा मी कॉम्प्युटरवर गेल्याच्या आनंदात वहीत उतरवलाच नव्हता. बैठकीत प्रत्येकीचं पासबुक घेऊन आम्ही रात्री नऊपर्यंत आकडे जुळवत बसलो. सगळं जुळलं, फक्त एकीचा चौदाशे रुपयांचा हप्ता सोडून. तिने तो माझ्या हातात दिला होता. "पासबुक पुढच्या वेळी भरू, कॉम्प्युटरवर घेतलंय," असं मीच म्हटलं होतं. मला ते आठवत होतं. पण बाकीच्या एकमेकींकडे बघायला लागल्या. मी म्हटलं, माझे पैसे भरते. त्यावर ती काय म्हणाली असेल? "ताई, तुम्ही भरलेत तर मी चोर ठरते." शेवटी माझी चूक म्हणून ठरावात लिहिलं आणि हप्ता जमा धरला. दोघी जणी अजूनही तिच्यापासून जरा लांब बसतात. ते काही फॉरमॅट मारून निघत नाही.

घरी आल्यावर मी दादाला फोन लावला. म्हटलं, तुझ्या पोराचा खेळ कायमचा बंद करते. दादा बेळगावच्या पुढे कुठेतरी ढाब्यावर होता. तो म्हणाला, "बंद कर, पण आधी तो काय करतो ते एकदा बघ. मला तर बघायला मिळत नाही."

म्हणून मी बघायला बसले. रागातच बसले, खोटं कशाला सांगू!

खेळाचं नाव 'यूरो ट्रक सिम्युलेटर २'. चेक प्रजासत्ताकातल्या प्राग शहरातल्या 'एससीएस सॉफ्टवेअर' या कंपनीने तो २०१२ साली बाजारात आणला. त्यात मारामारी नाही. माल भरायचा, युरोपातल्या एका गावाहून दुसऱ्या गावाला न्यायचा, वेळेत उतरवायचा. डिझेल संपतं, सिग्नल मोडला तर दंड होतो, ट्रेलर मागे घेताना घाम फुटतो. मला वाटलं, बाई, ह्याला खेळ का म्हणायचं? हे तर दादाचं रोजचं काम!

पण त्याचा जीव अडकला होता तो 'मॉड'मध्ये. मॉड म्हणजे खेळणाऱ्यांनीच खेळात घातलेली भर. कंपनीने दिलेल्या खेळात कोणी नवा रंग घालतं, कोणी हॉर्नचा आवाज, कोणी पाऊस, कोणी अख्खा ट्रक. 'प्रोमॉड्स' नावाचा तर नकाशाच आहे. देशोदेशीच्या हौशी लोकांनी मिळून वर्षानुवर्षं रस्ते, पूल, गावं रचली, त्यात आइसलँडसुद्धा आहे, आणि हे सगळं फुकट वाटतात. आपल्याकडे मंडळाची पोरं रात्र रात्र जागून देखावा करतात ना, तसलीच ही हौस.

मग फुकटच आहे तर घोटाळा कुठे झाला? तो नकाशा चालायला कंपनीचे विकतचे नकाशे आधी घ्यावे लागतात. त्याला पैसे पडतात. "मग मागायचे होतेस," मी म्हटलं. तो खाली बघून म्हणाला, "बाबांच्या गाडीचे टायर बदललेत ना या महिन्यात." म्हणून साहेबांनी विकतचे नकाशे फुकट देणारी कुठलीशी जागा शोधून काढली. तिथे लिहिलं होतं, अँटिव्हायरस बंद करा आणि ही फाइल चालवा. याने बंद केला आणि चालवली! माझा राग गेला असं नाही, पण त्याची दिशा जरा बदलली.

त्यानंतर मीच वही घेऊन बसले आणि म्हटलं, आता नीट कसं घालायचं ते मला शिकव. ही चोख पद्धत आहे आणि आपल्यासारखीला समजणारी आहे. मॉडची फाइल 'एससीएस' नावाने संपते, कधी 'झिप' असते. ती नुसती ठेवायची असते, चालवायची नसते. 'ईएक्सई' नावाने संपणारी फाइल मॉड म्हणून आली तर तिला हात लावायचा नाही. दारावर आलेला माणूस 'आधी कुत्रं बांधा' म्हणाला तर आपण सावध होतो की नाही? अँटिव्हायरस बंद करा म्हणणारा तसाच समजायचा.

'डॉक्युमेंट्स'मध्ये खेळाच्या नावाचा फोल्डर असतो, त्यात 'मॉड' नावाचा फोल्डर. नसेल तर आपण करायचा. फाइल तिथे ठेवली की खेळ उघडून 'मॉड मॅनेजर'मध्ये जायचं. एका बाजूला आपल्याकडे असलेले मॉड दिसतात, दुसऱ्या बाजूला वापरात घेतलेले. खेळ 'स्टीम'वरून विकत घेतला असेल तर तिथल्या 'वर्कशॉप'मधून बटण दाबून घेतलेले मॉड आपोआपच यादीत येतात, फाइल शोधत फिरावं लागत नाही. नवख्याने तिथूनच सुरुवात करावी, असं माझं मत.

यादीत क्रमाला महत्त्व आहे. दोन मॉड एकाच गोष्टीला हात घालत असतील तर वरचा जिंकतो. पाटीवर एकाने लिहिलं आणि दुसऱ्याने त्यावर लिहिलं, तर वरचंच वाचता येणार ना! आणि खेळाची आवृत्ती जुळायला हवी. कंपनी खेळात सुधारणा करते, तेव्हा जुन्या मापाचा मॉड बसत नाही. गेल्या वर्षीचं ब्लाउज यंदा अंगात शिरत नाही, तसंच. न जुळणाऱ्या मॉडला यादीतच इशारा दिसतो, तो बघायचा कंटाळा करू नये.

मी त्याला एक नियम घालून दिला. बाळाला वरचं खाणं सुरू करताना आपण एका वेळी एकच नवा पदार्थ देतो, म्हणजे पोट बिघडलं तर कशाने ते कळतं. तसा एका वेळी एकच मॉड घालायचा. तोही आधी नव्या प्रोफाइलवर, कारण नकाशा बदलला की चालू फेरी रद्द होऊ शकते आणि महिनाभराची कमाई असलेल्या खेळाशी प्रयोग नकोत. बिघडलंच तर 'गेम लॉग' नावाची एक फाइल असते, तिच्यात काय अडलं ते लिहिलेलं असतं. भाचा म्हणाला, "आत्या, तू माझ्यापेक्षा शिस्तीत शिकलीस." म्हटलं, शिस्त नव्हती म्हणूनच चौदाशे रुपये हरवले, आणि ती शिस्त माझी नव्हती.

आता गटाचा हिशेब वहीतही असतो आणि पेन ड्राइव्हवरही. पासबुक जागच्या जागी भरते. भाच्याचं कॉम्प्युटरवरचं खातं वेगळं केलंय, आणि नवीन काही बसवायचं तर पासवर्ड मी घालते.

दिवाळीत दादा दोन दिवस आला. लेकाने त्याला खुर्चीवर बसवलं आणि मुद्दाम इंग्लंडातून फेरी सुरू करून दिली, कारण तिथे आपल्यासारखंच डावीकडून चालवतात. दादाने अर्धा तास बाणाच्या बटणांशी झटापट केली. मग पडद्यावर झोपेची खूण आली. "आता झोपायला लागतं बाबा, नाही झोपलात तर दंड." दादाला आधी पटेना. युरोपात खरंच तसा कायदा आहे: साडेचार तास चालवलं की पाऊण तास थांबायचं, आणि दिवसाला साधारण नऊच तास चालवायचं. मी म्हटलं, आपल्याकडेही १९६१ चा मोटार वाहतूक कामगार कायदा झाला होता, त्यात दिवसाला आठ तासच लिहिले होते. "लिहिले होते खरे," दादा म्हणाला आणि गप्प झाला. गेल्या महिन्यात तो पुण्याहून निघून सलग किती तास जागा होता, ते वहिनीने मला सांगितलं होतं. पोराने ऐकलं नव्हतं. त्या दिवशी त्याने विचारलं, "बाबा, तुम्ही किती तास चालवता?" दादाने उत्तर दिलं नाही, पडद्यावरची गाडी मात्र बाजूला घेतली.

रात्री लेकाने त्याला स्वतः केलेला पहिला मॉड दाखवला. ट्रकचा रंग म्हणजे शेवटी एक चित्रच असतं, ते आपलं आपण रंगवता येतं. त्याने दादाच्या गाडीचा पिवळा-निळा रंग दिला होता, दारावर आजीचं नाव घातलं होतं, आणि मागे ठळक अक्षरांत 'हॉर्न ओके प्लीज'. दादा चष्मा लावून बराच वेळ बघत होता.

"नाव झकास आलंय," तो म्हणाला. "पण मागचं पूस. ते २०१५ लाच बंद केलंय महाराष्ट्रात. आरटीओ धरेल."