पैसा आपला, याचिका जनतेची?

कविता लिहिणाऱ्या माणसाकडे मोहल्ल्यात एक हुकमी काम येतं, ते म्हणजे अर्ज लिहून देणं. काही वर्षांपूर्वी आमच्या भागातली एक पतसंस्था बुडाली. तीस-चाळीस ठेवीदार माझ्या ओट्यावर जमले. म्हणाले, "शायरसाहेब, हायकोर्टात जनहित याचिका टाकू. एवढ्या लोकांचे पैसे गेले, म्हणजे जनहितच की!"

मला ते पटलं. मी साधा बी.ए. झालेला माणूस, कायद्यातलं काय कळणार? मजकूर लिहिण्यात आणि सह्या गोळा करण्यात चार महिने गेले. मग कागद एका वकिलांना दाखवले. ते हसले नाहीत, हा त्यांचा मोठेपणा.

त्यांनी विचारलं, "जनहित याचिका कुणासाठी सुरू झाली, ठाऊक आहे?" १९७९ साली हुसैनारा खातून खटल्यात बिहारमधले कच्चे कैदी सुप्रीम कोर्टापुढे आले. दोषी ठरते तर जेवढी शिक्षा झाली असती, त्याहून अधिक काळ त्यांतले काही जण खटल्याविनाच तुरुंगात होते. पुढे १९८१ मध्ये एस. पी. गुप्ता खटल्यात न्यायमूर्ती भगवतींनी तत्त्व मांडलं : गरिबीमुळे किंवा असहायतेमुळे ज्याला कोर्टाची पायरी चढता येत नाही, त्याच्या वतीनं दुसरा कुणी सद्हेतूनं जाऊ शकतो.

म्हणजे कसोटी डोक्यांच्या संख्येची नाही. चाळीस जणांची येणी एकत्र बांधली, तरी ती चाळीस खाजगी येणीच राहतात. कुणाची पावती खरी, कुणाचं व्याज किती, कुणी आधीच कर्ज उचललं, हे एकेकाचं तपासावं लागतं. जनहित याचिकेत सहसा असे साक्षीपुरावे होत नाहीत. घरमालक-भाडेकरूंचे तंटे आणि पेन्शन-ग्रॅच्युइटीची प्रकरणं अशा याचिकेत घ्यायची नाहीत, असं सुप्रीम कोर्टाच्या १९८८ च्या मार्गदर्शक सूचनांतच आहे. २०१० मध्ये बलवंत सिंग चौफाल प्रकरणात कोर्टानं बजावलं, की याचिकेमागे खाजगी लाभ नाही ना, हे आधी पाहावं.

मग दार पुरतं बंद आहे का? नाही. देखरेख करणाऱ्या सरकारी यंत्रणेनं आपलं कर्तव्यच केलं नाही, तर ते करायला लावा, असं कोर्टाला सांगता येतं. पण त्यातून यंत्रणा हलते. आपली ठेव आपोआप हाती पडत नाही. २०१९ मध्ये पंजाब अँड महाराष्ट्र को-ऑपरेटिव्ह बँकेवर निर्बंध आले, तेव्हा ठेवीदारांसाठीची याचिका थेट सुप्रीम कोर्टात गेली. कोर्टानं ती ऐकून घेतली नाही. हायकोर्टात जा, म्हणून सांगितलं.

पैशासाठी रस्ते वेगळे आहेत. ग्राहक आयोगात दोन वर्षांच्या आत तक्रार करता येते, वकील नसला तरी चालतं. पाच लाखांपर्यंतच्या रकमेला शुल्क नाही. सारख्याच तक्रारीचे अनेक जण असतील, तर आयोगाच्या परवानगीनं एकत्रही जाता येतं. ठेवी बुडवणाऱ्यांची मालमत्ता जप्त करण्यासाठी महाराष्ट्रात १९९९ चा ठेवीदार संरक्षण कायदा आहे.

आमच्यातल्या एका खालांना पतसंस्थेनं दिलेला चेक वटला नव्हता. बँकेकडून तसं कळल्यापासून तीस दिवसांत नोटीस द्यायला हवी होती. ते तीस दिवस आमच्या सह्यांच्या मोहिमेत गेले. चेकची तीन महिन्यांची मुदतही संपली. मी खालांची माफी मागायला गेलो. त्या म्हणाल्या, "बेटा, तू लिहिलंस छान. फक्त पत्ता चुकला." मग त्यांची ग्राहक आयोगातली तक्रार मीच लिहिली, साध्या भाषेत, तारखा आणि पावत्यांसह. ती दाखल झाली, पण हातचा चेक गेला तो गेलाच.

तेव्हापासून कुणी अर्ज लिहायला आलं, की मी आधी दोन प्रश्न विचारतो : हे दुःख कुणाचं, आणि मुदत किती उरली? ज्याला स्वतःला कोर्टात जाता येतं, त्यानं स्वतःच्या पायानं जावं. ज्यांना येताच येत नाही, त्यांच्यासाठी ते दार मोकळं राहू द्यावं.