सेकंदाला शंभर ठिणग्या

मोटारीच्या बारा व्होल्टच्या बॅटरीच्या दोन्ही टोकांना कोरडी बोटं लावली तर काहीच जाणवत नाही. एवढ्या कमी दाबाच्या विजेला हवेतली एक मिलिमीटरची फटही ओलांडता येत नाही. साध्या हवेत तेवढ्या फटीसाठी सुमारे ३,००० व्होल्ट लागतात, आणि सिलिंडरमध्ये दाबलेल्या पेट्रोल-हवेच्या मिश्रणात त्याहून पुष्कळ जास्त. तरीही आपल्या प्रीमियर पद्मिनीने वर्षानुवर्षं याच बॅटरीच्या जोरावर हजारो व्होल्टची ठिणगी पाडली. तीही हव्या त्याच सिलिंडरमध्ये, हव्या त्याच क्षणी. गाडीत ना संगणक होता, ना सेन्सर. हा सगळा कारभार बॉनेटखालची मुठीत मावेल एवढी एक वस्तू सांभाळत होती. ती म्हणजे डिस्ट्रिब्युटर.

हिशेब करून पाहा. इंजिन मिनिटाला ३,००० फेरे घेतंय. डिस्ट्रिब्युटरचा शाफ्ट त्याच्या निम्म्या वेगाने फिरतो, म्हणजे मिनिटाला १,५०० फेरे. सिलिंडर चार, म्हणून एका फेऱ्यात चार ठिणग्या. मिनिटाला ६,०००, सेकंदाला शंभर. याच वेगाने तीन तास गाडी चालली तर दहा लाखांहून जास्त ठिणग्या पडतात. त्यातली शेकड्याने दोन-चार जरी चुकली, तरी गाडी ‘मिसिंग’ मारतेय हे सीटवर बसल्या बसल्या कळतं.

ही रचना चार्ल्स केटरिंग या अमेरिकन अभियंत्याची. कॅश रजिस्टरच्या कारखान्यात काम केलेल्या या माणसाची बॅटरीवर चालणारी इग्निशन पद्धत १९१०च्या कॅडिलॅक गाडीत आली. तिच्या मुळाशी होता मायकेल फॅरडेने १८३१ मध्ये दाखवून दिलेला नियम: चुंबकीय क्षेत्र बदललं की शेजारच्या तारेत वीज निर्माण होते. पुढची सत्तरेक वर्षं जगभरच्या बहुतेक पेट्रोल गाड्या याच पद्धतीवर धावल्या. कुर्ल्याच्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सच्या कारखान्यात तयार झालेली फियाट आणि पद्मिनी, उत्तरपाड्याची अ‍ॅम्बेसेडर, सगळ्यांच्या पोटात हेच यंत्र. मुंबईतल्या पद्मिनी टॅक्सींचा शेवट ऑक्टोबर २०२३ मध्ये झाला, पण हौसेने जपलेल्या पद्मिनी अजून रस्त्यावर दिसतात. त्यांच्या मालकांना हे यंत्र आतून ओळखावंच लागतं.

आधी ठिणगी जन्मते कशी ते पाहू. कॉइलमध्ये एकाच लोखंडी गाभ्याभोवती दोन तारा गुंडाळलेल्या असतात. एक जाड, काही शे वेढ्यांची. दुसरी अतिशय बारीक, हजारो वेढ्यांची. डिस्ट्रिब्युटरमधले दोन सीबी (कॉन्टॅक्ट ब्रेकर) पॉइंट एकमेकांना टेकलेले असले की जाड तारेतून तीन-चार अँपिअर वीज वाहते आणि गाभ्याभोवती चुंबकीय क्षेत्र तयार होतं. मग शाफ्टवरचा चार उंचवट्यांचा कॅम पॉइंटच्या टाचेला धक्का देतो आणि पॉइंट उघडतात. जोरात वाहणाऱ्या नळाची तोटी झटकन बंद केली की पाइप दणकतो, तसाच दणका इथे बसतो. वाहती वीज एकदम थांबते, चुंबकीय क्षेत्र कोसळतं, जाड तारेतच क्षणभर दोन-तीनशे व्होल्ट उसळतात आणि बारीक तारेत त्याच्या शंभरेक पट. ठिणगी पडते ती पॉइंट जुळल्यावर नव्हे, उघडल्यावर. ही गोष्ट ज्याच्या डोक्यात पक्की बसली, त्याला निम्मा डिस्ट्रिब्युटर समजला.

इथे एका छोट्याशा नळकांड्याचं, म्हणजे कंडेन्सरचं, काम फार मोठं आहे. पॉइंट उघडताना वाहत्या विजेची फटीतूनही उडी मारून जायची खटपट चालते. तसं झालं तर पॉइंट जळतात आणि वीज रेंगाळत थांबते. दणका बसतच नाही. कंडेन्सर त्या क्षणी ती वीज स्वतःत सामावून घेतो. पॉइंटना पुरेसं दूर जाण्यापुरती सवड मिळते आणि वीज तडकाफडकी तुटते. कंडेन्सर बिघडला की ठिणगी प्लगऐवजी पॉइंटवरच दिसू लागते.

आता दुरुस्ती. गाडी सुरू होत नाही किंवा नीट ओढत नाही, तेव्हा चार प्रश्न याच क्रमाने विचारायचे: ठिणगी आहे का? दमदार आहे का? योग्य सिलिंडरला पोचते का? वेळेवर पडते का? क्रम मोडला की माणूस चांगले पार्ट काढून नवे घालत बसतो आणि बिघाड जागच्या जागी राहतो.

पहिल्या प्रश्नाला बारा व्होल्टचा एक साधा बल्ब पुरतो. त्याची एक तार कॉइलच्या त्या टोकाला लावा, जिथून वायर डिस्ट्रिब्युटरकडे जाते. दुसरी इंजिनच्या धातूला, म्हणजे अर्थला. चावी फिरवून सेल्फ मारायला सांगा. बल्ब लुकलुकला तर पॉइंट उघडमीट करताहेत आणि कॉइलपर्यंत वीज येतेय. बल्ब सतत पेटलेलाच राहिला तर पॉइंट जुळतच नाहीत: त्यांच्यावर पुट चढलंय, फट फार वाढलीय किंवा आतली छोटी वायर तुटलीय. बल्ब पेटतच नसेल तर एकतर कॉइलला वीज येत नाही, नाहीतर पॉइंट किंवा कंडेन्सर अर्थ झालाय. कंडेन्सरची वायर सोडून पुन्हा सेल्फ मारा. बल्ब लुकलुकू लागला तर दोषी कंडेन्सर. वीस-पंचवीस रुपयांच्या बल्बने अर्ध्या सर्किटची झडती घेता येते, याचं मला आजही नवल वाटतं.

दुसरा प्रश्न दमाचा. कॉइलकडून डिस्ट्रिब्युटरच्या झाकणाच्या, म्हणजे कॅपच्या, मधोमध येणारी हायटेन्शन वायर काढा, तिचं टोक इंजिनच्या धातूपासून पाच-सहा मिलिमीटरवर राहील असं अडकवा आणि सेल्फ मारा. वायर उघड्या हाताने धरू नका. जवळपास सांडलेलं पेट्रोल नको. हृदयाला पेसमेकर असलेल्या माणसाने या कामापासून लांबच राहावं. निळसर-पांढरी, चटचट आवाज करणारी ठिणगी पडली तर कॉइल ठीक. बारीक, तांबूस, रडतखडत येणारी ठिणगी मोकळ्या हवेत दिसते खरी, पण सिलिंडरच्या दाबाखाली ती विझते. म्हणून नुसता प्लग बाहेर काढून ‘करंट येतोय’ म्हणणं पुरेसं नाही. गाडी थंड असताना उत्तम चालते, तापली की बंद पडते आणि अर्ध्या तासाने पुन्हा सुरू होते, असं होत असेल तर कॉइल किंवा कंडेन्सरवर संशय घ्या. तारांवरचं इन्सुलेशन उष्णतेने दगा देत असतं. इंजिन बंद ठेवून चावी चालू सोडण्याची सवयही कॉइलचं आयुष्य खाते, कारण पॉइंट जुळलेले असले तर ती सारखी तापत राहते.

तिसरा प्रश्न वाटपाचा, आणि इथे पावसाळा येतो. कॉइलची वीज कॅपच्या मधल्या छोट्या कार्बनमधून फिरत्या रोटरवर उतरते. रोटर कॅपमधल्या एकेका खांबासमोरून जाताना त्याला न टेकता, बारीकशी फट ओलांडून ती त्याच्याकडे सोपवतो. पद्मिनीत हा क्रम १-३-४-२. दोन वायरींची अदलाबदल झाली तरी इंजिन थरथरतं आणि कार्बोरेटरमधून फटाके वाजवतं. मुंबईच्या पावसात साचलेल्या पाण्यातून गाडी नेली की पंखा ते पाणी उडवतो आणि ते डिस्ट्रिब्युटरवर बसतं. कॅप काढा, कोरड्या फडक्याने आतून-बाहेरून पुसा, वायरींची टोकं पुसा. पुष्कळदा गाडी तिथेच सुरू होते.

पण पुसताना कॅपची आतली बाजू उजेडात धरून नीट पाहा. दोन खांबांच्या मधे केसाएवढी बारीक, वाकडीतिकडी काळी रेघ दिसली तर तो बिघाडाचा खरा पत्ता आहे. ओल आणि धुळीवरून एकदा वीज सरकली, तिने कॅपचा पृष्ठभाग जाळला, जळल्या जागी कार्बन उरला. आणि कार्बन वीज वाहून नेतो. म्हणजे विजेने स्वतःची चोरवाट स्वतःच तयार केली. सपाटीवर गाडी ठीक चालते, पण चढावर अ‍ॅक्सिलरेटर दाबला की सिलिंडरमधला दाब वाढतो, प्लगमधून उडी मारणं अवघड होतं आणि वीज ही सोपी वाट धरते. अशी कॅप घासून सुधारत नाही, बदलावीच लागते. आणखी एक: कॅपवर वायरींच्या खुणा पेन्सिलीने कधी करू नयेत. पेन्सिलीतलं ग्राफाइटही कार्बनच आहे. वायरींची गळती शोधायची असेल तर रात्री अंधारात बॉनेट उघडून इंजिन चालू ठेवा. फाटक्या इन्सुलेशनमधून निळ्या ठिणग्या नुसत्या डोळ्यांना दिसतात.

चौथा प्रश्न वेळेचा, आणि डिस्ट्रिब्युटरची खरी करामत इथेच आहे. ठिणगी पडली की मिश्रण एकदम फुटत नाही, ज्योत पसरत जाते. त्याला ढोबळमानाने दोन मिलिसेकंद लागतात. ३,००० फेऱ्यांच्या वेगाला तेवढ्या वेळात क्रँकशाफ्ट ३६ अंश फिरलेला असतो. म्हणून पिस्टन वर पोचण्याच्या आधीच ठिणगी पडायला हवी, आणि वेग वाढेल तशी आणखी आधी. हे ठरवतं कोण? पॉइंटच्या प्लेटखाली दोन स्प्रिंगना बांधलेली दोन वजनं. वेग वाढला की ती बाहेर फेकली जातात आणि कॅमला थोडं पुढे सरकवतात. वेग कमी झाला की स्प्रिंग त्यांना आत ओढतात. बाजूला आणखी एक डबी असते, तिच्यात पडदा. इंजिनवर भार कमी असताना कार्बोरेटरकडच्या ओढीने हा पडदा पॉइंटची प्लेट फिरवतो आणि ठिणगी आणखी लवकर पडते, कारण विरळ मिश्रण सावकाश जळतं. वजनं वेग ओळखतात, पडदा भार ओळखतो. दोन स्प्रिंग आणि एक पडदा मिळून हजारांश सेकंदाचा निर्णय घेतात.

हे दोन्ही तपासायला उपकरण लागत नाही. रोटर ज्या दिशेने फिरतो त्या दिशेला हाताने थोडा वळवून सोडा. तो झटकन मागे यायला हवा. रेंगाळला तर खाली ग्रीस सुकलंय किंवा स्प्रिंग गेलीय. डबीची कार्बोरेटरकडची नळी काढून तोंडाने ओढा आणि जिभेने बंद करा. प्लेट सरकून तिथेच थांबली तर पडदा शाबूत. मग शाफ्ट बोटांत धरून आडवा हलवा. तो डुगडुगला तर बुश झिजलाय, आणि मग पॉइंटची फट प्रत्येक सिलिंडरला वेगळी पडते. असा डिस्ट्रिब्युटर कितीही वेळा ट्यून केला तरी टिकत नाही. आधी बुश बसवायला हवा.

पॉइंटची फट साधारण ०.४ मिलिमीटर असते. नेमका आकडा गाडीच्या मॅन्युअलमधून घ्या. टाच कॅमच्या उंचवट्यावर आणून फिलर गेज घालायचा. तो हलकासा अडत सरकला की फट बरोबर. मात्र जुन्या पॉइंटवर एका बाजूला खड्डा आणि दुसऱ्या बाजूला टेंगूळ तयार होतं. गेज टेंगळावर टेकतो, खड्ड्यात उतरत नाही आणि माप खोटं निघतं. असे पॉइंट घासत बसण्यापेक्षा बदललेले बरे. टाच झिजत गेली की फट कमी होते, पॉइंट उशिरा उघडतात आणि टायमिंग आपोआप मागे पडतं. इंजिन तापतं, पिकअप जातो, पेट्रोल जास्त लागतं. टायमिंग फार पुढे गेलं तर खंडाळ्याच्या चढावर इंजिन खडखडतं, त्यालाच नॉकिंग म्हणतात. म्हणून आधी फट, मग टायमिंग. उलट केलं तर दुसरं काम पहिल्याला बिघडवतं. टायमिंगलाही तोच बल्ब चालतो: पुलीवरची खूण जागेवर आणा, डिस्ट्रिब्युटरचा बोल्ट सैल करा, डिस्ट्रिब्युटर हळूहळू फिरवा आणि बल्ब ज्या क्षणी पेटेल तिथे बोल्ट घट्ट करा. शेवटी कॅमवर ग्रीसचा नखभर थर आणि रोटरखाली तेलाचा एक थेंब. त्याहून जास्त नको. तेल पॉइंटवर गेलं की ते जळतात.

आजच्या गाडीत हे सगळं काम संगणक करतो आणि डिस्ट्रिब्युटरपेक्षा कितीतरी अचूक करतो. पण तिथे निर्णय कसा झाला ते उघड्या डोळ्यांना दिसत नाही. डिस्ट्रिब्युटरमधली प्रत्येक चूक मात्र कुठेतरी खूण ठेवते: काळी रेघ, जळलेला पॉइंट, सैल शाफ्ट. ज्यांच्या घरी अशी गाडी आहे त्यांना एकच सांगणं. ती बंद पडली तर लगेच नवे पार्ट मागवू नका. कॅपच्या दोन क्लिपा उघडा, बल्ब जोडा, चार प्रश्न क्रमाने विचारा. आणि चांगला चालणारा जुना कंडेन्सर कधीही फेकू नका. डिकीत ठेवा, तो अडीअडचणीला कामी येतो.