सूप कमी मिठाचे, पण अळणी नाही

रक्तदाबाच्या रुग्णाला ‘मीठ कमी करा’ असे सांगितले की घरात सहसा दोनपैकी एक गोष्ट होते. त्याच्यासाठी अळणी भाजी, अळणी वरण वेगळे काढले जाते. चार दिवसांत ते घशाखाली उतरेनासे होते आणि हात पुन्हा लोणच्याच्या बरणीकडे जातो. नाहीतर रात्री ‘हलके काहीतरी’ म्हणून सुपाचे पाकीट आणून उकळले जाते. सूप म्हणजे पथ्याचे, हा समज त्यामागे असतो. प्रत्यक्षात तयार सुपाच्या पावडरीत मीठ हाच चवीचा मोठा आधार असतो.

जागतिक आरोग्य संघटनेच्या सल्ल्यानुसार प्रौढ व्यक्तीच्या पोटात दिवसभरात २००० मिलिग्रॅमपेक्षा कमी सोडियम जायला हवे. मिठात सुमारे ४० टक्के सोडियम असते. म्हणजे दिवसाची मर्यादा झाली ५ ग्रॅम मीठ, चहाचा जेमतेम एक सपाट चमचा. यात भाजी-आमटीतले मीठ आले, तसेच पाव, पापड, फरसाण, लोणचे आणि चटणीतलेही आले. जगभरातील प्रौढ सरासरी याच्या दुपटीहून जास्त मीठ खातात.

सोडियम वाढले की शरीर पाणी धरून ठेवते. रक्ताचे आकारमान वाढते आणि रक्तवाहिन्यांवरचा दाबही वाढतो. हृदय अशक्त असेल तर पायांवर सूज येते, दम लागतो. २००१ साली प्रसिद्ध झालेल्या ‘डॅश-सोडियम’ या अमेरिकेतील अभ्यासात, मीठ जसजसे कमी केले तसतसा रक्तदाब उतरत गेला. भाज्या, फळे आणि कमी चरबीचे दूध जास्त असलेल्या आहारात मीठही कमी केले, तेव्हा सर्वांत चांगला परिणाम दिसला. कमी मिठाचे भाज्यांचे सूप या दोन्ही गोष्टी एका वाटीत आणते.

प्रश्न चवीचा आहे. मीठ काढून घेतले आणि त्या जागी काहीच दिले नाही, तर सूप बेचव होणारच. ती जागा तीन गोष्टी भरतात: परतल्याचा खमंगपणा, आंबटपणा आणि टोमॅटो, मशरूम यांची मुळातली गाढ चव.

चार जणांसाठी एक मोठा कांदा, पाच-सहा लसूण पाकळ्या, आल्याचा तुकडा, तीन पिकलेले टोमॅटो, एक गाजर, वाटीभर लाल भोपळा किंवा दुधी आणि दोन मोठे चमचे मूगडाळ घ्यावी. चमचाभर तेलात जिरे तडतडले की कांदा-लसूण बदामी होईपर्यंत परतावे. इथे घाई केली तर पुढे मिठाची आठवण येते. मग टोमॅटो आणि आले घालून पाणी आटेपर्यंत परतावे. उरलेल्या भाज्या, धुतलेली डाळ, कोथिंबिरीच्या काड्या आणि चार-पाच वाट्या पाणी घालून कुकरला तीन शिट्ट्या कराव्यात. गार झाल्यावर मिक्सरमधून काढावे. गाळू नये, म्हणजे चोथा टिकतो. डाळीमुळे दाटपणा येतो, कॉर्नफ्लोअर लागत नाही. पुन्हा एक उकळी आणून ताजी मिरपूड घालावी आणि गॅस बंद केल्यावर अर्ध्या लिंबाचा रस पिळावा.

मीठ सर्वांत शेवटी आणि मोजून घालावे. सगळ्या सुपाला पाव छोटा चमचा, म्हणजे सुमारे दीड ग्रॅम मीठ पुरते. त्यातून चौघांपैकी प्रत्येकाच्या वाट्याला साधारण १५० मिलिग्रॅम सोडियम येते. भाज्यांतले नैसर्गिक सोडियम त्यात थोडीच भर घालते. चिमटीने किंवा अंदाजाने घातलेल्या मिठाचा असा हिशेब लागत नाही.

मीठ मागच्या दारानेही शिरते. सोया सॉसच्या एका मोठ्या चमच्यात साधारण ९०० मिलिग्रॅम सोडियम असते. स्टॉकची वडी, खारे बटर, तळलेले पावाचे तुकडे, अजिनोमोटो, खाण्याचा सोडा यांतही सोडियम असते. आंबटपणासाठी कोकमाचे आगळ वापरले तर त्यात भरपूर मीठ असते. लिंबू किंवा चिंच बरी. सैंधव मीठही मुख्यतः सोडियम क्लोराइडच आहे, त्यामुळे ते ‘चालते’ म्हणून सढळ हाताने घालू नये. पाकीट आणायचेच असेल तर त्यावरील सोडियमचा आकडा पाहून त्याला अडीचने गुणावे, मिठाचे प्रमाण कळते. मात्र तो आकडा १०० ग्रॅम पावडरीचा आहे की एका वाटीचा, हे आधी वाचावे.

बाजारात ‘लो सोडियम’ मीठही मिळते. त्यात सोडियमचा काही भाग काढून पोटॅशियम घातलेले असते. चीनमधील सुमारे २१ हजार लोकांवरच्या, २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात अशा मिठामुळे पक्षाघाताचे प्रमाण १४ टक्क्यांनी घटल्याचे आढळले. पण मूत्रपिंड अशक्त असेल तर जादा पोटॅशियम बाहेर टाकले जात नाही आणि हृदयाचे ठोके धोकादायकरीत्या बिघडू शकतात. टेल्मिसार्टन, रॅमिप्रिल, स्पायरोनोलॅक्टोन यांसारख्या औषधांनीही पोटॅशियम वाढू शकते. म्हणून हे मीठ डॉक्टरांना विचारल्याशिवाय आणू नये.

मूत्रपिंडाच्या रुग्णांसाठी साधे सूपही विचारण्याची गोष्ट आहे. भाज्या उकळल्या की त्यांतले पोटॅशियम पाण्यात उतरते, आणि सुपात ते पाणी फेकले जात नाही, प्यायले जाते. टोमॅटो, भोपळा, डाळ यांत ते बरेच असते. हृदयविकारामुळे ज्यांना पाणी मोजून प्यायला सांगितले आहे, त्यांनी सुपाची वाटीही त्या मापात धरावी.

इतरांसाठी मार्ग सोपा आहे. रुग्णाचे पातेले वेगळे न ठेवता घरातल्या सगळ्यांचेच मीठ दर आठवड्याला थोडे थोडे कमी करावे. दोन-तीन महिन्यांत जिभेला सवय होते आणि पूर्वीचे प्रमाण खारट लागू लागते. रक्तदाब उतरला म्हणून गोळी मात्र स्वतःहून बंद करू नये; ती कमी करायची की नाही, हे नोंदी पाहून डॉक्टरच ठरवतील.