उतारावर ब्रेक का दगा देतात?

पुणे : कात्रजच्या नव्या बोगद्यातून बाहेर पडलेले अवजड वाहन नवले पुलाकडे उतरताना अनियंत्रित होणे, ही पुणेकरांना दुर्दैवाने परिचित झालेली घटना आहे. 20 नोव्हेंबर 2022 रोजी सायंकाळी अशाच एका वाहनाने पुलावर अनेक गाड्यांना ठोकरले होते. अशा प्रत्येक अपघातानंतर ‘ब्रेक निकामी झाले’ हे कारण पुढे येते. ते अनेकदा खरेही असते; मात्र ब्रेक निकामी होतात म्हणजे नेमके काय होते, याचा उलगडा क्वचितच केला जातो.

जड गाडी उतारावर अधिक वेग घेते, असा सर्वसाधारण समज आहे. प्रत्यक्षात हवेचा व चाकांचा विरोध वगळल्यास एक टनाची मोटार आणि 40 टनांचा ट्रक न्यूट्रलमध्ये सारखाच वेग घेतील. गुरुत्वाकर्षणाची ओढ वस्तुमानाच्या प्रमाणात वाढते, तसेच गतीतील बदलाला विरोध करणारे जडत्वही वाढते. फरक पडतो तो थांबविताना. 40 टनांचा ट्रक वेग न वाढविता 100 मीटर उंची उतरला, तर सुमारे 11 युनिट विजेइतकी ऊर्जा कोठेतरी जिरवावी लागते. सव्वाशे लिटर थंड पाणी उकळीला आणण्यास ती पुरेल! मोटारीच्या बाबतीत हेच पाणी जेमतेम तीन लिटर भरते.

केवळ ब्रेकवर विसंबल्यास ही बहुतेक उष्णता ड्रम आणि लायनरमध्ये साठते. मोटारीच्या एका ब्रेकच्या वाट्याला पाव टन वजन येते, तर दहा ड्रमच्या ट्रकमध्ये एका ड्रमला चार टन. ट्रकचा ड्रम मोठा असला, तरी सोळा पट मोठा नसतो. तो तापून प्रसरण पावतो, लायनरची पकड घटते आणि चालकाने पायाखाली कितीही जोर लावला तरी वेग कमी होत नाही. थंड झाल्यावर हेच ब्रेक तपासणीत ठणठणीत आढळू शकतात.

गाडी खालच्या गिअरमध्ये असेल, तर या भाराचा मोठा वाटा इंजिन उचलते. डिझेल वाचविण्यासाठी न्यूट्रल करणारा चालक हा आधार स्वतःच्या हाताने काढून टाकतो. यात बचत तरी होते का? इलेक्ट्रॉनिक नियंत्रण असलेल्या आधुनिक इंजिनांत गिअरमध्ये राहून ॲक्सिलरेटर सोडल्यास इंधनपुरवठा जवळजवळ बंद होतो. न्यूट्रलमध्ये मात्र इंजिन चालू ठेवण्यासाठी डिझेल लागतेच. इंजिनच बंद केले, तर एअर ब्रेकचा कॉम्प्रेसर थांबतो. वारंवार ब्रेक दाबताच टाकीतील हवेचा दाब उतरू लागतो, पॉवर स्टिअरिंगही जड होते.

वेगाचा हिशेब याहून कठोर आहे. वेग ताशी 40 वरून 80 किलोमीटर झाला, की गतिज ऊर्जा चौपट होते. त्यामुळे उताराच्या मध्यावर शुद्धीवर येऊन गिअर टाकू पाहणाऱ्या चालकाला तो बहुधा पडतच नाही. खालचा गिअर टाकायचा तो उतार सुरू होण्यापूर्वी, बोगद्यातच.