‘सेंद्रिय’ म्हणजे बिनविषारी नव्हे!

  आज आपण एका शब्दाबद्दल बोलणार आहोत. एकाच शब्दावर एवढा वेळ कशाला, असं वाटेल. पण हा शब्द नीट कळला नाही, तर जिवावर बेतू शकतं.

झालं असं, की आम्ही एका गावात बचत गटाच्या बैठकीला गेलो होतो. कपाशीवर फवारणीचे दिवस होते. हप्ते जमा झाले, चहा झाला आणि एका ताईंनी पिशवीतून घडी घातलेला कागद काढला. फवारणीच्या औषधाच्या बाटलीसोबत येतं ते माहितीपत्रक होतं. त्यात लिहिलं होतं, ‘ऑर्गॅनोफॉस्फरस गटातील कीटकनाशक’. ताई म्हणाल्या, “माझी पोरगी दहावीला आहे. ती म्हणते, आई, ऑर्गॅनिक म्हणजे सेंद्रिय. मग हे औषध सेंद्रियच झालं ना? याला हातमोजे कशाला पाहिजेत?”

बैठकीत चार-पाच जणींनी माना डोलावल्या. त्यांनाही तसंच वाटत होतं.

मैत्रिणींनो, त्या मुलीनं सांगितलेला अर्थ चुकीचा नव्हता. रसायनशास्त्राच्या हिशेबानं ते औषध खरोखर सेंद्रिय आहे. पण त्यावरून आईनं काढलेला अर्थ मात्र घातक होता. शब्द एक, पण वर्गात त्याचा अर्थ वेगळा आणि वावरात वेगळा. हे दोन अर्थ आज आपण निवडून वेगळे करू.

आधी शब्दच बघू. सेंद्रिय म्हणजे स-इंद्रिय, इंद्रियं असलेलं, जिवंत शरीरातलं. इंग्रजीतला ऑर्गॅनिक हा शब्दही ‘ऑर्गन’ म्हणजे शरीराचा अवयव यावरूनच आला. दोनशे वर्षांपूर्वीचे शास्त्रज्ञ पदार्थांचे दोन ढीग करायचे. साखर, तेल, तूप, डिंक, लोकर, मूत्र हे झाडांपासून, जनावरांपासून मिळणारे पदार्थ सेंद्रिय. मीठ, दगड, लोखंड, पाणी हे निर्जीव सृष्टीतले पदार्थ असेंद्रिय. सेंद्रिय पदार्थ फक्त जिवंत शरीरच बनवू शकतं, त्यासाठी एक खास जीवनशक्ती लागते, अशी तेव्हा बहुतेकांची समजूत होती.

मग 1828 साली फ्रीडरिश व्होलर या जर्मन शास्त्रज्ञाच्या हातून एक नवल घडलं. प्रयोगशाळेत तो असेंद्रिय समजले जाणारे क्षार घेऊन काम करत होता. त्यातून पांढरे स्फटिक तयार झाले. तपासलं तर तो युरिया निघाला! माणसाच्या आणि जनावराच्या मूत्रात असतो तोच. ना गाय, ना माणूस, तरी युरिया तयार. म्हणजे सेंद्रिय पदार्थ बनवायला जिवंत शरीर लागतंच, ही समजूत ढासळू लागली.

पुढे शास्त्रज्ञांच्या ध्यानात आलं, की या सगळ्या सेंद्रिय पदार्थांत एक गोष्ट सारखी आहे, ती म्हणजे कार्बन. हा कार्बन तुम्ही रोज बघता. साखर तव्यावर जास्त वेळ ठेवली तर काळी पडते. भाकरी करपली की काळी होते, केस जळला की काळा होतो. ते काळं उरतं ते मुख्यतः कार्बनच. मीठ कितीही तापवा, ते तसं काळं पडून कोळसा होत नाही, कारण त्यात कार्बन नाही.

तेव्हापासून रसायनशास्त्रात सेंद्रिय म्हणजे कार्बनची संयुगं, एवढाच अर्थ उरला. त्यालाही थोडे अपवाद आहेत. धुण्याचा सोडा, चुनखडी आणि आपल्या उच्छ्वासातला कार्बन डायऑक्साइड यांत कार्बन असूनही त्यांना असेंद्रियच मानतात. पण बाकी यादी बघितली तर तुम्ही चकित व्हाल. साखर सेंद्रिय, तेल सेंद्रिय आणि रॉकेलही सेंद्रिय. स्वयंपाकाचा गॅस सेंद्रिय. प्लॅस्टिकची पिशवीसुद्धा सेंद्रिय! दहावीच्या विज्ञानाच्या पुस्तकात या धड्याचं नाव ‘कार्बनी संयुगे’ असं आहे. आम्हाला ते नाव फार आवडलं, कारण त्यात घोटाळ्याला जागा नाही.

आता दुसरा अर्थ, शेतीतला. 1924 पासून अल्बर्ट हॉवर्ड हे शास्त्रज्ञ इंदूरला काम करत होते. शेतातला काडीकचरा आणि शेण एकत्र कुजवून खत करायची पद्धत त्यांनी तिथं बसवली. आजही तिला इंदूर पद्धत म्हणतात. पुढे 1940 साली इंग्लंडमध्ये लॉर्ड नॉर्थबोर्न यांनी आपल्या पुस्तकात ऑर्गॅनिक शेती हा शब्द वापरला. त्यांच्या मनात कार्बन नव्हता. शेत हेच एक जिवंत शरीर आहे. माती, पीक, जनावर, माणूस हे त्याचे अवयव आहेत, असं त्यांना म्हणायचं होतं. म्हणून आज सेंद्रिय शेती म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर शेणखत, गांडूळखत, जीवामृत, निंबोळी अर्क येतो. कारखान्यात बनवलेली खतं आणि कीटकनाशकं न वापरता केलेली शेती, हा झाला बाजारातला अर्थ.

दोन अर्थ किती लांब गेलेत, हे युरियावरूनच बघा. व्होलरनं बनवलेला तो युरिया आज गोणीत भरून आपल्या दारात येतो. त्यात 46 टक्के नत्र असतं. रसायनशास्त्राच्या वहीत युरिया सेंद्रिय आहे. पण सेंद्रिय शेती करणाऱ्या बाईनं ती गोणी वावरात नेली, तर तिचं पीक सेंद्रिय राहात नाही. तिथं युरिया हे रासायनिक खत. दोघांचंही बरोबर, कारण दोघं दोन वेगळ्या गोष्टी सांगतात.

आता त्या ताईंच्या कागदाकडे येऊ. ऑर्गॅनोफॉस्फरस किंवा ऑर्गॅनोफॉस्फेट या शब्दाची फोड सोपी आहे. ऑर्गॅनो म्हणजे त्यात कार्बनचा भाग आहे आणि त्याला फॉस्फरस जोडलेला आहे. बस, एवढंच. शेणखताशी त्याचं नातं नाही. मोनोक्रोटोफॉस, क्लोरपायरीफॉस, प्रोफेनोफॉस, क्विनॉलफॉस, डायमेथोएट ही नावं तुम्ही ऐकली असतील. ती सगळी याच गटातली.

हे विष शरीरात काय करतं? आपल्या नसा स्नायूंना आणि ग्रंथींना निरोप देतात. निरोप पोचला की तो पुसून टाकणारं एक द्रव्य शरीरात असतं. विहिरीवरच्या मोटरचं बंद करायचं बटण समजा. ऑर्गॅनोफॉस्फेट ते बटणच निकामी करतं. मग मोटर थांबतच नाही. तोंडाला लाळ सुटते, डोळ्यांतून पाणी येतं, दरदरून घाम येतो, उलट्या, जुलाब होतात. डोळ्यांच्या बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या बारीक होतात. अंग थरथरतं, छाती भरून येते आणि शेवटी श्वास अडकतो. किडीला हेच होतं, म्हणून ती मरते. माणसालाही हेच होतं.

आणि त्यासाठी ते प्यावंच लागतं असं नाही. ते कातडीतून आत जातं, श्वासातूनही जातं. 2017 च्या पावसाळ्यात यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन वीसहून जास्त शेतकरी आणि शेतमजूर दगावले. शेकडो जणांना दवाखान्यात दाखल करावं लागलं. त्यांच्यापैकी बहुतेक जण फक्त आपलं रोजचं काम करत होते.

आपल्यातल्या कितीतरी जणी म्हणतील, फवारणी तर आमच्या घरचा माणूस करतो. बरोबर आहे. पण ड्रममध्ये पाणी कोण आणून ओततं? काडीनं किंवा हातानं औषध कोण ढवळतं? फवारलेल्या वावरात दुसऱ्या दिवशी निंदायला कोण जातं? आणि संध्याकाळी ते ओले कपडे कोण धुतं? विष आपल्यापर्यंत असं न दिसता पोचतं. शिवाय आपण त्याला औषध म्हणतो. औषध हा शब्दही तसाच फसवा आहे. औषध म्हटलं की हात आपोआप सैल पडतो.

म्हणून शब्दावर जाऊ नका, खूण बघा. कीटकनाशकाच्या प्रत्येक डब्यावर टोकावर उभा केलेला एक चौकोन छापलेला असतो. त्याच्या खालच्या अर्ध्या भागात, म्हणजे खालच्या त्रिकोणात, रंग असतो. लाल म्हणजे अतिशय विषारी. पिवळा म्हणजे जास्त विषारी. निळा म्हणजे मध्यम विषारी. हिरवा म्हणजे त्यांच्या मानानं कमी विषारी. ‘कमी’ म्हटलंय, ‘नाही’ म्हटलेलं नाही, हे ध्यानात ठेवा. हा त्रिकोण वाचायला शाळा शिकलेली लागत नाही. आजीही वाचू शकते.

आता याची दुसरी बाजूही सांगायला हवी. झाडापासून केलेलं म्हणजे बिनधोक, असंही नसतं. तंबाखूतलं निकोटीन झाडच बनवतं, तरीही ते जहाल विष आहे. धोतरा, कण्हेर आपल्या कुंपणालाच उगवतात, पण पोटात गेले तर काय होतं, ते गावात सगळ्यांना ठाऊक आहे. तेव्हा घरी तंबाखूचा काढा किंवा दशपर्णी अर्क करत असाल, तरी तोंडाला फडकं, हातात मोजे आणि पोरं लांब, हा नियम पाळाच. ढवळायची काडी आणि भांडं वेगळं ठेवा.

काही गोष्टी आम्ही प्रत्येक गटात सांगतो, त्या इथंही सांगतो. फवारणीचं औषध पोरींच्या डोक्यातल्या उवांसाठी कधीही लावू नका. ते थंड पेयाच्या बाटलीत ओतून ठेवू नका. रिकामा डबा कितीही धुतला तरी तेलापाण्याला वापरू नका. 2013 साली बिहारच्या सारण जिल्ह्यातल्या एका शाळेत दुपारचं जेवण जेवून 23 मुलं गेली. जेवणाच्या तेलात मोनोक्रोटोफॉस सापडलं होतं. फवारणीचे कपडे घरच्या कपड्यांत मिसळू नका. मोजे घालून, साबण लावून वेगळे धुवा.

आणि कुणाला विषबाधा झालीच, तर घाबरून वेळ घालवू नका. माणसाला मोकळ्या हवेत आणा. अंगावरचे कपडे काढा आणि साबण-पाण्यानं अंग धुवा. हे करताना आपल्या हातात मोजे किंवा प्लॅस्टिकची पिशवी घाला. दूध, तूप, मिठाचं पाणी पाजू नका. मुद्दाम उलटी करवू नका. माणूस बेशुद्ध असेल तर कुशीवर झोपवा. 108 ला फोन लावा. आणि डबा किंवा माहितीपत्रक सोबत न्यायला विसरू नका. या विषावर अ‍ॅट्रोपिनचं इंजेक्शन देतात, पण ते किती आणि कधी द्यायचं हे डॉक्टरच ठरवतात. कागदावर ‘ऑर्गॅनोफॉस्फेट’ हा शब्द दिसला की डॉक्टरांचा मोलाचा वेळ वाचतो. म्हणजे ज्या शब्दानं घात होणार होता, तोच नीट ओळखला तर जीव वाचवायच्या कामी येतो.

शेवटी बाजाराबद्दल थोडं. आपल्यातल्या काही जणी भाजी, हळद, डाळ सेंद्रिय म्हणून विकतात, काही जणी विकत घेतात. पाकिटावर सेंद्रिय असं नुसतं छापलं की पुरावा होत नाही. खरेदी करताना सेंद्रियची सरकारमान्य खूण आहे का ते बघा. विकणाऱ्या जणींसाठी पीजीएस इंडिया ही पद्धत सोयीची आहे. त्यात जवळपासच्या शेतकऱ्यांचा गट असतो, गटातले लोक एकमेकांची शेती तपासतात आणि एकमेकांची हमी देतात. बचत गट चालवणाऱ्या बायकांना हे काही नवीन नाही. आपण कर्जाची हमी अशीच तर देतो! आणि ज्या बाटलीवर आत काय आहे याचं नावच नाही, ती कुणी ऑर्गॅनिक टॉनिक म्हणून स्वस्तात देत असेल, तर घेऊ नका. घ्याल त्याचं पक्कं बिल मागा.

त्या दिवशी बैठकीतून निघताना त्या ताईंनी कागद परत घडी घालून पिशवीत ठेवला आणि म्हणाल्या, “म्हणजे पोरगी पास, पण आई नापास.” सगळ्या हसल्या. आम्ही म्हटलं, “ताई, तुम्ही विचारलंत, म्हणून तुम्हीही पास. न विचारता डबा उघडला असता, तर नापास.”

तेव्हा मैत्रिणींनो, उद्या सकाळी एक काम करा. घरात, गोठ्यात, माळ्यावर जेवढे औषधाचे डबे असतील, तेवढ्यांचा त्रिकोण बघा. लाल आणि पिवळे किती निघाले, ते पुढच्या बैठकीत एकमेकींना सांगा. सगळे डबे पोरांच्या हाताला लागणार नाहीत अशा जागी कुलपात ठेवा. आणि कुणी म्हणालं, “काही होत नाही, सेंद्रिय आहे,” तर तिला एकच विचारा, “बाई, कुठलं सेंद्रिय? पुस्तकातलं की वावरातलं?”

पुन्हा भेटू. काळजी घ्या. नमस्कार.